पाठचा दिवस

तळं कुठे आहे, मी विचारलं.
निकानोरा लिमाची हनुवटीनं समोर दाखवते.
समोर मीठ.
मिठावर कलंडलेल्या सात होड्या,
एकीच्या कडेला लाल रंगात कुणा मुलीचं नाव, अर्धं सोललेलं,
आणि त्यापुढे डोंगरापर्यंत
डोळे दुखवणारं पांढरं.

मी पाणी मोजायला आले होते.
पिशवीत दोरी, दोरीला शिसं,
आणि छापील प्रश्न, क्रमांक चौदा:
'पुढील दहा वर्षांत तळ्याचं काय होईल?'

इलारियोन मास्तर माझं स्पॅनिश आयमारात नेतात,
ओंजळीतून पाणी न्यावं तसं, सांडत सांडत.
अध्येमध्ये थांबतात.
पुढचं विचारायचंय? नक्की पुढचं?
हो, म्हटलं. मागचं विचारून काय करू?

मग ती बोलायला लागली.
पुढे पाणी आहे, छातीइतकं, तोतोऱ्याच्या बेटांपर्यंत.
पहाटे वल्ह्यावर बर्फाची साय धरते.
जाळं ओढताना नवरा शिव्या घालतो, माशांना नाही, चंद्राला.
रोहित पक्षी इतके, की मूल रडलेलं ऐकू येत नाही.
मी भराभर लिहीत होते: पाणी वाढेल. मासे परततील.
शेवटी एक शब्द, अधोरेखित: आशावादी.

मास्तरांनी माझी वही बघितली
आणि टोपी काढून हसले, बराच वेळ.
बाई, ती एकोणीस वर्षांची होती तेव्हाचं सांगतेय.

नायरा म्हणजे डोळा.
नायरा म्हणजे समोर.
आणि होऊन गेलं तेही नायराच,
कारण बघितलंय ना ते, मग असणार कुठे?
जे अजून बघितलंच नाही
त्याला समोर उभं करणारे तुम्ही कोण लोक?

तर मी प्रश्न उलटा केला.
पाठचं काय?
तिनं नुसता अंगठा खांद्यावरून मागे टाकला,
आणि पुन्हा चुन्यो निवडायला बसली,
गोठवून वाळवलेले काळे बटाटे, खड्यांसारखे.
मी अहवालातलं सांगितलं, आकडे, पाऊस, साल.
तिनं ते सगळं एकदा म्हणून पाहिलं
आणि क्रियापदाच्या शेवटी काहीतरी बारीक जोडलं.
काय म्हणाली?
मास्तरांना स्पॅनिशमध्ये ते सापडेना.
मला सापडलं. माझ्याकडे होतं ते, घरचं:
येईल म्हणे.

रात्री मातीच्या खोलीत, तीन घोंगड्यांखाली,
श्वास पुरेना म्हणून झोप नाही,
तेव्हा मी आपलेच शब्द उलथून पाहिले.
पूर्वी. म्हणजे उगवतीकडे, तोंड आहे तिकडे.
पश्चात. पाठीकडे.
आणि आई अजूनही कुणालाही सांगते,
ही थोरली, हा हिच्या पाठचा.
बाळ्या माझ्या पाठीमागून आला, समोरून नव्हे,
मी कधी लक्षच दिलं नव्हतं.
परवा तर दोन्हीकडे तोंड करून बसलेला,
त्याला काही विचारण्यात अर्थ नाही.

सकाळी ती होड्यांकडे निघाली, मी मागोमाग.
पायांखाली मीठ पापडासारखं मोडत होतं.
ती चालत होती एखाद्या बांधावरून चालावं तशी,
काठ सांभाळत,
जिथे काठ नव्हता.

पाठीवर रंगीत पट्ट्यांच्या फडक्यात बांधलेलं नातवंड.
ते जागं झालं, मान वळवून
माझ्याकडे बघत राहिलं.
आज्जीला ना ते दिसत होतं, ना मी.

मी पिशवीतून दोरी काढली.
मोजायला काही नव्हतं.
त्यानं हात लांब केला,
शिसं मुठीत धरलं,
आणि सोडेना.